सहावा हिस्सा मोठा की आठवा?

वाचकहो, एक साधा प्रश्न आपल्यापुढे ठेवून आरंभ करतो. एखाद्या मिळकतीत एका वारसाला सहावा हिस्सा मिळणार आहे आणि दुसऱ्याला आठवा. जास्त कोणाला मिळाले? शाळेत जाणारे मूल क्षणभर विचार करील आणि 'सहावा' असे उत्तर देईल. परंतु आठ हा आकडा सहापेक्षा मोठा, म्हणून आठवा हिस्साही मोठा, असे धरून चालणारी चांगली शहाणीसुरती माणसे आपल्या आसपास कमी नाहीत. मिळकत चार लाख ऐंशी हजार रुपयांची असेल तर सहावा हिस्सा ८०,००० होतो आणि आठवा ६०,०००. कागदावर आकडा नीट न पाहता अंगठा उठविणाऱ्याचे वीस हजार रुपये या एका गैरसमजात बुडू शकतात.

गणिताच्या पुस्तकात या प्रकरणाला 'भिन्न छेदांच्या अपूर्णांकांची तुलना' असे जड नाव आहे. उर्दू शाळेतल्या मुलाला तोच छेद 'नसबनुमा' म्हणून भेटतो आणि अंश 'शुमार कुनिंदा' म्हणून. नाव कोणतेही असो, विद्यार्थी ते परीक्षेपुरते शिकतो आणि विसरतो. आपल्या या औरंगाबाद शहराच्या (२०२३ पासून छत्रपती संभाजीनगर) आणि आसपासच्या मुलखाच्या इतिहासात मात्र हे प्रकरण फळ्यावर कमी आणि खळ्यावर, कचेरीत व बाजारात अधिक चालले आहे. त्याचा थोडा मागोवा येथे घेऊ.

शहराच्या स्थापनेपासूनच सुरुवात करू. मलिक अंबरने १६१० मध्ये खडकी वसविली, हे आपण सर्व जाणतो. त्याच्या नहरीचे कौतुक नेहमी होते. त्याच्या जमाबंदीचे त्या मानाने कमी होते. इतिहासग्रंथांत असे सांगितले जाते की त्याने प्रथम सारा धान्यरूपाने घेतला, तो उत्पन्नाच्या दोन पंचमांश. आणि पुढे काही हंगामांचा अनुभव पाहून तो रोख रकमेत ठरविला, तेव्हा तो सुमारे एक तृतीयांश बसला. आता सांगा, या बदलात रयतेला सवलत मिळाली की तिच्यावर बोजा वाढला? २/५ आणि १/३. येथे अंशही वेगळे आहेत आणि छेदही. सहावा आणि आठवा यांत निदान अंश एकच होता, म्हणून 'जितके वाटेकरी अधिक तितका वाटा लहान' एवढ्या समजुतीने काम भागले. येथे ते भागत नाही. पाच वाट्यांतले दोन आणि तीन वाट्यांतला एक यांची तुलना करायची तर दोघांना एकाच मापाने मोजले पाहिजे. पंधरा खंडी धान्याची रास डोळ्यांसमोर आणा. तिचे दोन पंचमांश म्हणजे सहा खंडी, आणि एक तृतीयांश म्हणजे पाच खंडी. रयतेकडे पंधरामागे एक खंडी जास्त राहिली. पंधरा ही संख्या मी उगाच घेतली नाही. पाचाने आणि तीनाने दोहोंनी भागली जाणारी ती सर्वांत लहान संख्या आहे. ६/१५ आणि ५/१५ असे लिहिले की वाद संपतो. समच्छेद करणे म्हणतात ते हेच.

मलिक अंबरनंतर काही दशकांनी, शाहजादा औरंगजेब दुसऱ्यांदा दख्खनचा सुभेदार असताना (१६५३ ते १६५७), त्याचा दिवाण मुर्शिद कुली खान याने या मुलखाची जमाबंदी पुन्हा बसविली. बटाईच्या पद्धतीत त्याने सरकारचा वाटा सरसकट एक ठेवला नाही. निव्वळ पावसावर येणाऱ्या पिकात निम्मा, विहिरीच्या पाण्यावरच्या धान्यात तिसरा, आणि ऊस, द्राक्षे यांसारख्या बागायती मालात पाण्याचा खर्च व पिकाला लागणारा काळ पाहून चौथ्यापासून नवव्या हिश्श्यापर्यंत. नुसते आकडे पाहणारा म्हणेल की सरकारने दोनवरून नऊपर्यंत मजल मारली! प्रत्यक्षात छेद वाढत जातो तसतसा सरकारचा हात आखडत जातो. विहिरीवर मोट चालवायची तर बैल हवेत, नाडा हवा, माणूस हवा; ऊस तर वर्षभर शेत अडवून बसतो. ज्या पिकाला रयतेचा पैसा व घाम जास्त, त्यात सरकारचा छेद मोठा. चौथा आणि नववा हिस्सा यांत किती अंतर आहे हे पाहायचे तर छत्तीस मण गूळ घ्या. चौथ्या हिश्श्याने सरकारात नऊ मण जातो, नवव्या हिश्श्याने चार मण. निम्म्याहून कमी झाला. हा हिशोब ज्याला कळत होता तो कुणबी दिवाणाच्या कारकुनापुढे तोंड उघडू शकत होता. ज्याला कळत नव्हता त्याला कारकून सांगेल तो नववा हिस्सा.

पुढे मराठ्यांच्या काळात हाच प्रश्न मोठ्या दरबारांत गेला. दख्खनच्या सहा सुभ्यांवर, आणि त्यांत औरंगाबादचा सुभाही आला, चौथाई व सरदेशमुखी वसूल करण्याच्या सनदा १७१९ मध्ये बाळाजी विश्वनाथाने शाहू महाराजांसाठी दिल्लीहून आणल्या. चौथाई म्हणजे १/४, सरदेशमुखी म्हणजे १/१०. दोन्ही मिळून किती? पाच विसांश अधिक दोन विसांश, म्हणजे सात विसांश, शेकडा पस्तीस. चौथाईचा पुन्हा चौथा भाग 'बाबती' म्हणून राजाकडे जाई. तो एकूण वसुलाचा सोळावा हिस्सा, म्हणजे रुपयात एक आणा. सरदेशमुखीचा दहावा त्याहून मोठा: ऐंशी रुपयांत बाबतीचे पाच आणि सरदेशमुखीचे आठ. नावांचे वजन पाहून कोणता हक्क मोठा हे ठरविणारा येथेही फसेल.

हा समच्छेदाचा नियम आपल्याकडे आला कोठून, असे आपण विचाराल. त्यासाठी फार लांब जावे लागत नाही. औरंगाबादहून कन्नडचा घाट उतरून चाळीसगावकडे गेले की पायथ्याशी पाटण लागते. तेथील देवीच्या देवळात १२०७ च्या सुमाराचा एक शिलालेख आहे. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा देवगिरीच्या यादव राजा सिंघणाच्या पदरी ज्योतिषी होता. आजोबांचे ग्रंथ शिकविण्यासाठी त्याने पाटणला मठ स्थापला, त्याची नोंद या लेखात आहे. लेखाचा बराच भाग संस्कृतात असला तरी मठाच्या उत्पन्नाचा तपशील जुन्या मराठीत आहे, ही गोष्ट मला मोठी बोलकी वाटते. विद्या संस्कृतात राहिली, पण देण्याघेण्याचा हिशोब लोकांना कळेल अशा भाषेत लिहावा लागला.

भास्कराचार्यांची 'लीलावती' ११५० ची. तिच्यात भिन्न छेद सारखे करण्याची रीत दोन प्रकारे सांगितली आहे. पहिली सरळ: प्रत्येक अपूर्णांकाच्या अंशाला व छेदाला दुसऱ्याच्या छेदाने गुणावे. दुसरी शहाण्या गणकासाठी: दोन्ही छेदांना एखादी समान संख्या भागत असेल तर तिने भागून जे उरेल त्यानेच परस्परांस गुणावे. सहा आणि आठ यांचे उदाहरण घ्या. पहिल्या रीतीने छेद अठ्ठेचाळीस येतो: आठ अठ्ठेचाळिसांश आणि सहा अठ्ठेचाळिसांश. दुसऱ्या रीतीने सहा व आठ दोहोंना दोनाने भागले, तीन व चार उरले. सहाला चाराने गुणा की आठाला तीनाने, छेद चोवीसच येतो. मग चार चोविसांश आणि तीन चोविसांश. उत्तर एकच, श्रम निम्मे. आजच्या पुस्तकात याला 'लसावि' म्हणतात आणि उर्दूत 'जुअजआफे अकल'. भास्कराचार्यांच्या काळी अंश वर आणि छेद खाली लिहीत, मधे रेघ नसे. रेघ ओढण्याची चाल बाराव्या शतकात मगरिबमधल्या, म्हणजे उत्तर आफ्रिकेच्या पश्चिम भागातल्या, अल-हस्सार या मुस्लिम गणितज्ञाच्या ग्रंथात दिसते.

'लीलावती' अकबराच्या आज्ञेवरून फैजीने १५८७ मध्ये फारसीत आणली. भास्कराचार्यांचेच 'बीजगणित' शाहजहानच्या काळी, १६३४-३५ मध्ये, अताउल्ला रशीदी याने फारसीत उतरविले. हा अताउल्ला कोण? ताजमहालाचा शिल्पकार म्हणून ज्याचे नाव घेतले जाते त्या उस्ताद अहमद लाहोरीचा मुलगा. आणि आपल्या बीबी का मकबऱ्याच्या दरवाजावरील लेखात हंसपत राय याच्या बरोबरीने ज्याचे नाव कोरले आहे तोच अताउल्ला! मकबऱ्याला येणारा प्रवासी मिनार पाहतो, ताजशी तुलना करतो, नाक मुरडतो आणि निघून जातो. ज्या माणसाने ही इमारत रचली त्याने सह्याद्रीच्या कुशीतल्या एका गणितज्ञाचा संस्कृत ग्रंथ फारसी वाचकांसाठी खुला केला होता, हे त्याला कोणी सांगत नाही. दरवाजापाशी तशी एक पाटी लावायला फारसा खर्च येणार नाही. मकबऱ्याच्या खर्चाचा जो आकडा 'तारीखनामा' या ग्रंथावरून दिला जातो तोही पाहा: ६,६८,२०३ रुपये ७ आणे. सहा लाखांच्या हिशोबातही शेवटचे सात षोडशांश सोडलेले नाहीत.

आता आण्यांकडे वळतो, कारण येथे आपल्या बापजाद्यांनी एक शहाणपणाची गोष्ट केली होती. दर वेळी समच्छेद शोधत बसण्याऐवजी त्यांनी एक छेद कायमचा ठरवून टाकला. रुपयाचे सोळा आणे, आण्याच्या बारा पै, म्हणजे रुपयाच्या १९२ पै. कोणताही हिस्सा आणे-पैत बोलला की तुलना आपोआप होते. सहावा हिस्सा म्हणजे दोन आणे आठ पै. आठवा म्हणजे दोन आणे. मोठा कोणता, हे विचारण्याचेही कारण उरले नाही! मराठी शाळांत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी आणि औटकी घोकून घेत, तीही याच सोयीसाठी. भागीदारीत 'माझा चार आण्यांचा हिस्सा' असे बोलत. जमिनीच्या कागदांतही सहहिस्सेदारांचे हिस्से आणे-पैत लिहीत. (जाता जाता एक खुलासा: आपला सातबारा दिसतो अपूर्णांकासारखा, पण तो अपूर्णांक नव्हे. गावनमुना सात आणि गावनमुना बारा एकत्र केले म्हणून ते नाव.)

निजामी अमलात मात्र आमच्या भागातील लोकांना एका रुपयाने भागत नसे. संस्थानात हाली सिक्का चाले आणि हद्द ओलांडून मनमाडला उतरले की इंग्रजी 'कलदार' रुपया. सरकारी भाव असा की शंभर कलदारांस ११६ रुपये १० आणे ८ पै हाली. हा आकडा पहिल्या नजरेला विचित्र वाटतो. परंतु दहा आणे आठ पै म्हणजे १२८ पै, म्हणजे १९२ चे बरोबर दोन तृतीयांश. हिशोब केला की निघते काय? सात हाली म्हणजे सहा कलदार, इतके सोपे. म्हणजे हालीचा एक आणा कलदार आण्याच्या ६/७ इतका.

आता समजा, एक वस्तू औरंगाबादेत पाच आणे हालीला आहे आणि तीच मनमाडला साडेचार आणे कलदारला. स्वस्त कोठे? पाच आणि साडेचार पाहून हात मनमाडकडे वळेल. पाच हाली आण्यांचे कलदार आणे होतात ३०/७. साडेचार म्हणजे ९/२. छेद चौदा करा: ६०/१४ आणि ६३/१४. औरंगाबादचाच माल स्वस्त निघाला. दोन मुलखांच्या सीमेवर व्यापार करणाऱ्याला ही तुलना रोज करावी लागे, आणि ज्याला ती येई त्याचे दुकान चाले. पोलिस कारवाईनंतर, १९५० च्या दशकात हाली व्यवहारातून गेला, आणि हे अंकगणितही त्याच्याबरोबर गेले.

त्यानंतर १ एप्रिल १९५७ रोजी दशमान नाणी आली. रुपयाचे शंभर नये पैसे झाले. या बदलाचे फायदे उघड आहेत आणि ते नाकारण्याचे कारण नाही. शेकडेवारी, बेरीज, व्याज सगळे सुटसुटीत झाले. परंतु एक गोष्ट त्यात हातची गेली. १९२ ला तीनाने भाग जातो, शंभराला जात नाही. तिसरा हिस्सा पूर्वी पाच आणे चार पै होता, तो ३३ पैसे आणि वर काहीतरी झाला. सहावा झाला १६ पैसे आणि दोन तृतीयांश, आठवा साडेबारा. बदलाच्या वेळी एका आण्याचे सहा नये पैसे धरले. १/१६ आणि ६/१०० यांचा छेद ४०० करून पाहा: पंचवीस आणि चोवीस. आण्याआण्याने मोडणाऱ्याचा दर आण्याला पंचविसावा भाग गेला. एकदम चार आणे मोडले तर पंचवीस पैसे मिळत. एकेक करून चार वेळा मोडले तर चोवीसच. जुना शब्द मात्र टिकून राहिला. पिकाच्या अंदाजाला सरकार 'पैसेवारी' म्हणू लागले, पन्नास पैशांची रेघही ठरली, तरी शेतकऱ्याच्या तोंडी अजून 'आणेवारी'च आहे.

ज्या प्रश्नाने लेखाची सुरुवात केली त्याचे मूळ घर मात्र वारसाहक्काच्या हिशोबात, इल्मे फराइजमध्ये आहे. कुराणाच्या सूरे निसामध्ये वारसांचे जे ठरीव हिस्से आले आहेत ते सहाच: निम्मा, चौथा, आठवा, दोन तृतीयांश, तिसरा आणि सहावा. सहा हिस्से, पण छेद निरनिराळे. आणि ते एकाच मिळकतीत एकत्र बसवायचे. या गरजेतून गणिताची केवढी वाढ झाली, हे आपल्या मुलांना सांगितले पाहिजे. नवव्या शतकात बगदादला अल-ख्वारिझमीने जो ग्रंथ लिहिला, ज्याच्या नावातून बीजगणिताला युरोपात 'अल्जिब्रा' हे नाव मिळाले, त्याचा फार मोठा भाग वसीयत आणि वारसा यांच्या उदाहरणांनी भरलेला आहे. हनफी पंथातील 'सिराजिया' हा सजावंदीचा ग्रंथ विल्यम जोन्सने १७९२ मध्ये इंग्रजीत आणला. त्यात दोन छेदांचे एकमेकांशी नाते चार प्रकारचे सांगितले आहे. दोन्ही सारखे असतील तर तमासुल. एकात दुसरा सामावत असेल, जसे तीन आणि सहा, तर तदाखुल. मोठा तोच घ्यावा. दोहोंना समान भाजक असेल, जसे सहा आणि आठ, तर तवाफुक. एकाला त्या भाजकाने भागून दुसऱ्याने गुणावे. आणि समान भाजकच नसेल, जसे तीन आणि आठ, तर तबायुन. सरळ गुणाकार करावा. वाचकांच्या ध्यानात आलेच असेल की तवाफुक म्हणजे भास्कराचार्यांची शहाण्या गणकाची रीत. पाटणच्या मठातला विद्यार्थी आणि मदरशातला तालिबे इल्म एकाच वाटेने चोवीसपर्यंत पोहोचतात.

उदाहरण घ्या. एक मनुष्य वारला. मागे पत्नी, आई आणि एक मुलगा. कर्ज व वसीयत फेडून जे राहिले त्यात पत्नीचा आठवा, आईचा सहावा, बाकी मुलाची. छेद चोवीस: पत्नीचे तीन, आईचे चार, मुलाचे सतरा. जुन्या रुपयात मांडा. पत्नीचे दोन आणे, आईचे दोन आणे आठ पै, मुलाचे अकरा आणे चार पै. एक पैही तुटत नाही, कारण १९२ मध्ये चोवीस बरोबर आठ वेळा बसतो. सूरे निसातला प्रत्येक हिस्सा पैत पूर्ण उतरतो. नव्या पैशात हेच वाटप करायला बसा, म्हणजे अडचण लक्षात येईल. अशा वेळी पैशांच्या मागे न लागता आधी चोवीस वाटे करावेत आणि मग रकमेला चोवीसने भागावे. घरातील विधवा किंवा म्हातारी आई शिकलेली नसेल तर तिच्यापुढे चोवीस चिंचोके मांडावेत. तीन तिकडे, चार इकडे, सतरा त्या बाजूला. सही तिने त्यानंतर करावी.

परंतु छेद सारखा केला की दर वेळी हिशोब चोवीसवर थांबतो असे नाही. हजरत अली मिंबरवर खुतबा देत असता त्यांना एकाने विचारले, अशी जी हकीकत परंपरेत सांगतात ती याच संदर्भातील आहे. एक मनुष्य पत्नी, दोन मुली, आई आणि वडील असे वारस ठेवून गेला. पत्नीचा आठवा म्हणजे तीन. मुलींचे दोन तृतीयांश म्हणजे सोळा. आईचे चार, वडिलांचे चार. बेरीज सत्तावीस, आणि वाटे तर चोवीसच! निरनिराळे छेद तसेच ठेवले असते तर हा जादा तिळ्या वाट्याचा प्रकार कोणाच्या लक्षातही आला नसता, आणि शेवटी जो आला तो उपाशी गेला असता. हजरत अलींनी खुतबा न थांबविता उत्तर दिले की तिचा आठवा हिस्सा आता नववा झाला. म्हणजे छेदच सत्तावीस धरायचा आणि प्रत्येकाचे वाटे तेच ठेवायचे. पत्नीचे तीन सत्ताविसांश, अर्थात एक नवमांश. याला सुन्नी फिकहमध्ये 'औल' म्हणतात. शिया पंथ हा मार्ग मानीत नाही. औलमध्ये घट सर्वांना सारख्या प्रमाणात लागते: प्रत्येकाला आपल्या मूळ हिश्श्याच्या आठ नवमांश मिळतात. आठवा आणि नववा यांत अंतर किती? छेद बहात्तर करा. नऊ आणि आठ. पत्नीचा बहात्तरावा भाग कमी झाला. सत्तावीस मात्र १९२ मध्ये पूर्ण बसत नाही, म्हणून येथे पैचाही इलाज चालत नाही. जुन्या रुपयात तिच्या वाट्याला येतात एक आणा नऊ पै, आणि वर एका पैचा तिसरा हिस्सा.